कॉलेजच्या आवारात स्लॅशर: कमी खर्चाची पहिली फिल्म कशी उभी करायची

स्लॅशर, म्हणजे एकेकाला मारत सुटलेल्या खुन्याचा भयपट, करायचं ठरलं की नवी मंडळी पहिल्यांदा मुखवटा शोधायला निघतात. मुखवटा शेवटच्या आठवड्यातही मिळतो. आधी इमारत पक्की करा.

या प्रकारच्या फिल्मचा सांगाडा साधा असतो: एक खुनी, बाहेर पडायला अवघड अशी एक जागा, एकेक करून कमी होत जाणारी माणसं आणि शेवटी त्याच्याशी गाठ पडणारी एखादी मुलगी किंवा मुलगा. हा सांगाडा सगळ्यांनाच पाठ आहे, त्यामुळे कथेत नवल आणायच्या खटाटोपात फार पडू नका. प्रेक्षकाला घाबरवते ती जागा. जिन्यावरचं गच्चीचं दार रात्री कुलूपबंद असतं हे त्याला ठाऊक असेल आणि पळणारी मुलगी नेमकी त्याच जिन्याकडे वळली, तर खुनी पडद्यावर नसतानाही तो खुर्चीत पुढे सरकतो. ठाऊक नसेल, तर त्याच्या लेखी कोणीतरी कुठेतरी पळतंय, एवढंच.

नकाशा काढा, मग लिहा

आवारात दोनदा फिरा, एकदा दिवसा आणि एकदा शूटच्या वेळेला, म्हणजे रात्री. वही घेऊन साधा नकाशा काढा. कुठलं दार कुठल्या बाजूला उघडतं, कडी आतून आहे की बाहेरून, दिव्यांची बटणं कुठे आहेत, कुठल्या व्हरांड्यातले दिवे हालचाल टिपून आपोआप लागतात आणि विझतात, कुठे पावलांचा आवाज घुमतो, पाण्याचा पंप किंवा जनरेटर किती वाजता सुरू होतो, हे सगळं त्यात यायला हवं. प्लग पॉइंटही मोजा. रात्री अकराला एक्स्टेन्शन बोर्ड शोधत फिरण्याइतकं कंटाळवाणं काम दुसरं नाही.

मग या नकाशातल्या तीनच जागा निवडा, त्याही एकमेकींना लागून असलेल्या: वाचनालय, त्याबाहेरचा व्हरांडा आणि जिना, उदाहरणार्थ. नवख्यांच्या पटकथेत हटकून प्रयोगशाळा, सभागृह, मैदान, हॉस्टेल, वाहनतळ असं सगळं येतं. प्रत्येक नवी जागा म्हणजे सामान हलवणं, नव्यानं लाइट लावणं आणि दीड-दोन तास पाण्यात. तीन जागा नीट वापरल्या तर प्रेक्षकाला त्या आपल्या घरासारख्या ओळखीच्या होतात, आणि भीतीसाठी नेमकी तीच ओळख लागते.

ही ओळख फिल्मच्या पहिल्या काही मिनिटांत, भर दिवसा करून द्यायची. गच्चीचं कुलूप दाखवायचं असेल तर कोणीतरी दुपारी ते ओढून बघू दे आणि वैतागून परत फिरू दे. विषय दुसराच चाललेला असावा. रात्री प्रेक्षकाला ते आपोआप आठवेल.

कथेचा काळ शक्यतो सुट्टीचा किंवा सुट्टीच्या आदल्या रात्रीचा ठेवा. आवार ओस का आहे, याचं उत्तर मिळतं आणि शूटसाठी खरोखरच रिकामी इमारतही मिळते. कॅनडात बनलेली १९७४ची ‘ब्लॅक ख्रिसमस’ याच सोयीवर उभी आहे: नाताळच्या सुट्टीत मुलींचं निवासस्थान रिकामं होत जातं आणि खुनी सगळा वेळ त्याच घराच्या माळ्यावर असतो.

पटकथा

पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर साधारण एक मिनिट, असा ढोबळ हिशोब असतो. पहिल्या फिल्मसाठी १२ ते १५ पानं पुष्कळ झाली. दोन तासांची फिल्म डोक्यात असेल तर ती तिथेच राहू दे. आधी ही पुरी करा.

पात्रं पाच-सहा, मरणारी तीन. तिन्ही खून एकाच तऱ्हेनं दाखवू नका. एक समोर घडू दे, एक फक्त ऐकू येऊ दे आणि एक आधीच घडून गेलेला असू दे, म्हणजे नुसतं प्रेत सापडतं. तिसऱ्याला जवळजवळ काहीच खर्च येत नाही आणि पुष्कळदा तोच जास्त लक्षात राहतो.

मोबाइलचं काय करायचं, हा प्रत्येक स्लॅशर लिहिणाऱ्यापुढचा प्रश्न. ‘रेंज नाही’ हे उत्तर झिजून गेलंय. त्यापेक्षा फोन चालू राहू दे आणि तरी कामाला येऊ नये अशी सोय करा. मदत निघालीय पण पोचायला वीस मिनिटं लागणार आहेत. फोन लागला, पण बोललं तर लपलेली जागा कळणार. मैत्रिणीला फोन लावला आणि तिची रिंगटोन शेजारच्या कपाटामागून आली. सीसीटीव्ही आणि सुरक्षारक्षक यांचंही असंच आहे. ते आवारात असतातच, त्यामुळे त्यांना टाळून लिहिलं की प्रेक्षक लगेच पकडतो. रक्षकाच्या केबिनमधला चार चौकटींचा मॉनिटर तर तुमचा सगळ्यात स्वस्त भीतिदायक शॉट ठरू शकतो: तीन चौकटी रिकाम्या, चौथीत कोणीतरी स्थिर उभं.

खुन्याचा हेतू एका वाक्यात सांगता यायला हवा. शेवटी त्याला तीन मिनिटांचं भाषण देऊ नका. मरणाऱ्या पात्रांना मात्र मरणाखेरीज दुसरं काहीतरी चालू असू दे: उद्याची तोंडी परीक्षा, न बोलता धरलेलं भांडण, चोरून आणलेली किल्ली. मुलींनी फक्त किंचाळायचं आणि प्रेमात पडलेल्या जोडीनं आधी मरायचं, हा जुना हिशोब आज शिळा वाटतो. आणखी एक: कुठल्याही आवारात खरोखर घडलेला खून कथेसाठी उचलू नका. मेलेल्याच्या घरातली माणसं अजून हयात असतात.

परवानगी

हे काम कोणालाच आवडत नाही आणि ते टाळलं की सगळं शूट बुडतं. प्रशासनाला लेखी अर्ज द्या: तारखा, वेळा, खोल्या, माणसांची संख्या आणि ‘नकली शस्त्रं व नकली रक्त वापरलं जाईल’ हे स्पष्ट वाक्य. उत्तरही लेखी घ्या आणि त्याची प्रत सेटवर ठेवा. सुरक्षारक्षकांच्या पाळ्या बदलतात, म्हणून प्रत्येक पाळीला वेगळं सांगा. जवळच्या पोलीस ठाण्यातही कळवून ठेवा. खिडकीतून बघणाऱ्याला मुखवटा घातलेला माणूस आणि सुरा एवढंच दिसतं, तुमचा कॅमेरा दिसत नाही. तो फोन करणार, आणि येणाऱ्या पोलिसालाही ती फिल्म असल्याचं ठाऊक नसणार. दारांवर ‘शूटिंग सुरू आहे’ अशा पाट्या लावा. टेक संपला की मुखवटा उतरवायचा आणि शस्त्र पेटीत टाकायचं. पेटीची किल्ली एकाच माणसाकडे.

धुराचं यंत्र वापरणार असाल तर आग लागल्याची घंटा वाजेल. स्वतः होऊन सेन्सरवर पिशव्या बांधू नका. ते प्रशासनाच्या माणसाकडून बंद करवून घ्यायचे आणि पॅकअपनंतर सुरू झाल्याची खात्री करायची. कॉलेजचं नाव, बोधचिन्ह, भिंतीवरचे फोटो फ्रेममध्ये येऊ देऊ नका. कलाकारांची लेखी संमती घ्या. पहिल्या वर्षाची काही मुलं अठराच्या आतली असतात, त्यांच्यासाठी पालकांची सही लागेल.

माणसं आणि पैसा

सात-आठ जणांत काम होतं: दिग्दर्शक, कॅमेरा, साउंड, सहायक दिग्दर्शक, रक्त-मेकअप, आर्ट व कंटिन्यूटी (एका शॉटमधले कपडे, डाग, वस्तू पुढच्या शॉटशी जुळतात का ते बघणं), लाइटला एक-दोन हात. दिग्दर्शकानं कॅमेराही धरला तर चालतं. साउंड मात्र ‘कोणीतरी बघेल’ यावर सोडू नका.

भारी कॅमेरा भाड्यानं आणण्यात पैसे घालवू नका. तुमच्यापैकी कोणाकडे असलेला साधा कॅमेरा किंवा बरा फोन चालेल. पैसा आधी जेवणखाण आणि रात्री घरी पोचवायच्या वाहनावर, मग माइकवर, मग दोन-तीन दिव्यांवर, मग हार्ड डिस्कवर. रक्तावर सगळ्यात शेवटी.

रात्र दिवसा करा

आतले रात्रीचे सीन दिवसा शूट करता येतात. खिडक्यांना बाहेरून किंवा आतून जाड काळं कापड लावा, कडा टेपनं बंद करा, झाली रात्र. चार रात्री जागून सगळी टीम आजारी पाडण्यापेक्षा हे कितीतरी शहाणपणाचं. खिडकीबाहेर थोडी जागा असेल तर कापड काचेपासून लांब ताणा आणि मधल्या जागेत एक दिवा ठेवून आत निळसर उजेड सोडा. बाहेरच्या दृश्यांसाठी सूर्य मावळल्यानंतरचा थोडा वेळ पकडा: आकाश निळं असतं, इमारतीच्या खिडक्या पिवळ्या दिसतात, आणि हा उजेड फुकट मिळतो. फार टिकत नाही, म्हणून कलाकार आधीच जागेवर उभे हवेत.

अंधार म्हणजे काळा पडदा नव्हे. माणसाची कड दिसली पाहिजे. त्यासाठी दिवा कलाकाराच्या मागे किंवा बाजूला ठेवा आणि चेहरा अर्धा सावलीत जाऊ दे. पुढून मारलेला दिवा भीती घालवतो. कॅमेऱ्याची आयएसओ, म्हणजे उजेड टिपायची संवेदनशीलता, वाढवत नेली की सावल्यांत दाणे येतात. त्यापेक्षा शूट करताना उजेड थोडा जास्तच ठेवा आणि एडिटमध्ये खाली ओढा.

ट्यूबलाइट असलेल्या व्हरांड्यात आधी चाचणी घ्या. विजेची वारंवारता ५० हर्ट्झ असेल तर शटर स्पीड १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवावा, ६० हर्ट्झ असेल तर १/६०. नाहीतर चित्र लुकलुकतं किंवा पट्टे सरकताना दिसतात, आणि ते नंतर काढता काढता नाकीनऊ येतात.

एक सीन जवळून

मुलगी रात्री वाचनालयात विसरलेला चार्जर घ्यायला परत येते. कपाटांच्या रांगा आहेत, आणि रांगांमधले दिवे हालचाल टिपून लागणारे आहेत. पटकथेत हे पाऊण पान. त्याचं शॉट डिव्हिजन असं करता येईल.

पहिला शॉट दारातून, रुंद, हलवायचा नाही. ती आत येते, तिच्या रांगेचा दिवा लागतो, बाकी हॉल अंधारात. प्रेक्षकाला नियम कळला: जिथे हालचाल, तिथे उजेड. दुसरा तिच्या हाताचा क्लोजअप, टेबलाखालच्या प्लगमधून चार्जर ओढताना. तिसऱ्यात ती वाकलेली आहे, आपण तिच्या पातळीवर, आणि तिच्या मागे तीन रांगा सोडून एक दिवा लागतो. तिला दिसत नाही, आपल्याला दिसतं. इथे कट करू नका. पाच-सहा सेकंद धरून ठेवा. चौथ्यात ती उभी राहते आणि वळते, तोवर तो दिवा विझलेला.

पाचवा तिच्या नजरेतून: रिकामी रांग, पुस्तकं, काही नाही. सहावा परत तिच्या चेहऱ्यावर. ती स्वतःशी हसते, बॅग उचलते. सातवा पहिल्यासारखाच रुंद, त्याच जागेवरून. ती दाराकडे चालू लागते, तिच्या पुढचा दिवा लागायला हवा, तो लागत नाही. मागचे दोन मात्र एकामागून एक लागतात.

या सगळ्यात खुनी एकदाही दिसलेला नाही. मुखवटा नाही, रक्त नाही, खर्च शून्य. दिवे खरे आपोआप लागणारे नसतील तर एक जण बटणाशी बसवा आणि इशारे ठरवा. शूट करताना पहिला आणि सातवा शॉट लागोपाठ उरकायचे, कारण कॅमेरा आणि लाइट त्याच जागी आहेत. हा हिशोब प्रत्येक सीनला लावायचा. ती वळते तेव्हा, तिच्यापासून ती बघते त्या जागेपर्यंत एक काल्पनिक रेषा धरा आणि कॅमेरा तिच्या त्याच बाजूला ठेवा. रेषा ओलांडली की दार डावीकडे होतं की उजवीकडे, हे प्रेक्षक विसरतो आणि त्याच्या डोक्यात सुरुवातीपासून उभा केलेला नकाशा मोडतो.

रक्त आणि सुरा

नकली रक्ताचा पाया साखरेचा दाट पाक किंवा कॉर्न सिरप. त्यात खाण्याचा लाल रंग आणि अगदी थोडा पिवळा किंवा निळा. नुसता लाल सरबतासारखा दिसतो. चिमूटभर कोको पावडर घातली की ते गढूळ आणि खरं वाटतं. अमेरिकी मेकअप कलाकार डिक स्मिथ यांची कृती फार प्रसिद्ध आहे, पण तिच्यात फोटो धुण्याचं एक रसायन होतं आणि ते पोटात जाणं घातक, त्यामुळे ती जशीच्या तशी वापरू नका. तोंडाजवळच्या रक्तात फक्त खाण्याचे पदार्थ हवेत. कपड्यांवर आणि भिंतीवर लागणाऱ्या रक्तात थोडा पातळ साबण घाला, धुवायला सोपं जातं. तरी भिंतीच्या एका कोपऱ्यात आदल्या दिवशी लावून बघाच. खाण्याचा रंग चुन्याच्या भिंतीत मुरला की प्रशासनासमोर उभं राहायची वेळ येते.

वाहतं रक्त हवं असेल तर इंजेक्शनची मोठी सिरिंज आणि मत्स्यपेटीची बारीक नळी पुरते. नळी कलाकाराच्या पाठीमागून कॉलरखाली आणायची, त्वचेच्या रंगाच्या टेपनं चिकटवायची, आणि फ्रेमबाहेर बसलेल्यानं सावकाश दाबायची. जोरात दाबलं की कारंजं होतं आणि लोक हसतात. कपडे स्वच्छ असलेले सगळे शॉट आधी घ्या. प्रत्येक मरणाऱ्या पात्राच्या एकसारख्या शर्टाच्या तीन प्रती ठेवा, आणि प्रत्येक टेकनंतर डागांचे फोटो काढा. लॅटेक्सची (रबरासारख्या पदार्थाची) नकली जखम लावणार असाल तर कलाकाराला त्याची अ‍ॅलर्जी आहे का, हे आधी विचारा.

सुरा रबराचा किंवा बोथट केलेला नकली. पातं आत जाणारे स्प्रिंगचे सुरे दिसायला छान, पण स्प्रिंग अडकते. त्यांनी कोणालाही भोसकायचं नाही. वार कलाकाराच्या अंगापासून हातभर लांब पडतो आणि कॅमेऱ्याची जागा ते अंतर लपवते. लांब (दूरचं जवळ आणणारी) लेन्स लावली तर दोघं आणखीच जवळ वाटतात. खऱ्या पात्याची चकाकी हवी असेल तर तो शॉट वेगळा, टेबलावर, समोर कोणीही नसताना. झटापट आधी सावकाश बसवा, नाचासारखी मोजून. थांबायचा एक शब्द ठरवा, जो संवादात कुठेच नाही, आणि तो कोणीही उच्चारला तर सगळ्यांनी थांबायचं. गळफास खरा कधीच नाही, एका सेकंदापुरताही नाही. बंदूक मुळातच लिहू नका. स्लॅशरला तिची गरजही नसते.

आता मुखवटा

१९७८च्या ‘हॅलोविन’ या गाजलेल्या स्लॅशरचा खर्च तीन-सव्वातीन लाख डॉलर होता. तिच्यातला मुखवटा म्हणजे दुकानात मिळणारा ‘स्टार ट्रेक’ मालिकेतल्या कॅप्टन कर्कचा चेहरा. डोळ्यांची भोकं मोठी केली, पांढरा रंग मारला आणि झालं. तो इतका चालला कारण त्या चेहऱ्यावर काहीच भाव नाही. दात विचकणारे, रक्त ठिबकणारे मुखवटे पहिल्या दोन शॉटनंतर गमतीचे वाटू लागतात. साधा, कोरा चेहरा निवडा.

मुखवट्यातून कलाकाराला बाजूचं आणि पायाखालचं दिसत नाही. जिन्यावर एक माणूस त्याच्याजवळ, फ्रेमबाहेर उभा हवाच. चाल एक ठरवा आणि ती शेवटपर्यंत बदलू नका: बहुतेकदा न धावता, ठाम. फायदा असा की शूटच्या दिवशी तुमचा खुनी आजारी पडला तरी त्याच उंचीचा दुसरा कोणी कोट चढवून उभा राहू शकतो.

आवाज

चित्र थोडं दाणेदार असलं तर प्रेक्षक चालवून घेतो, आवाज खराब असेल तर नाही. माइक कलाकाराच्या जितका जवळ नेता येईल तितका न्या. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आणि बोलणं रेकॉर्डरच्या मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. किंचाळी त्या हिशोबात बसणार नाही. ती वेगळी, लेव्हल खाली आणून रेकॉर्ड करा. दिवसाला फार टेक नकोत, कलाकाराचा घसा बसतो. प्रत्येक जागी सगळ्यांनी गप्प राहून त्या खोलीचा नुसता आवाज मिनिटभर घ्या. एडिट करताना दोन संवादांमधली फट त्यानंच बुजते.

भोसकण्याचा आवाज फळं-भाज्यांचा असतो. ‘सायको’ या फिल्मसाठी दिग्दर्शक हिचकॉकनं त्याकरता खरबुजाची एक जात निवडली होती. कोबी, कलिंगड, ओला टॉवेल यांवर प्रयोग करून बघा आणि माइक अगदी जवळ धरा. संगीतासाठी दुसऱ्याचं गाणं उचलू नका, हक्कांचा प्रश्न येतो आणि फिल्म कुठे पाठवता येत नाही. ‘हॅलोविन’चं संगीत दिग्दर्शक जॉन कारपेंटर यांनी स्वतःच केलं, पियानोवरची एक छोटी धून, पाच मात्रांच्या लयीत. मित्रांमध्ये कीबोर्ड वाजवणारा कोणी असतोच.

शूटचे दिवस आणि एडिट

दिवसाला तीन पानांपेक्षा जास्त ठेवू नका. खुनाचा सीन असेल त्या दिवशी दीडच. पॅकअप आणि दुसऱ्या दिवशीची हजेरी यांत निदान अकरा-बारा तास सोडा. दमलेल्या माणसाला रात्री एकट्यानं गाडी चालवू देऊ नका. कार्डावरचं फुटेज दोन वेगळ्या डिस्कवर गेल्याशिवाय आणि उघडून बघितल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही, कोणी कितीही घाई केली तरी.

एडिटला बसल्यावर धक्क्याच्या आधीचा शॉट जरा जास्त लांब ठेवा आणि धक्का स्वतः छोटा. एका फिल्ममध्ये मोठ्या आवाजाचे दोन-तीन धक्के पुरेत, चौथ्याला लोक तयार असतात. रक्ताचा शॉट खोटा वाटत असेल तर अर्ध्या सेकंदावर आणा किंवा काढून टाका आणि नुसता आवाज ठेवा.

पहिली कट, म्हणजे एडिटचा पहिला खर्डा, झाली की फिल्मशी संबंध नसलेल्या पाच-सहा जणांना दाखवा. तुम्ही पडद्याकडे न बघता त्यांच्याकडे बघा आणि कोण कुठल्या मिनिटाला फोन काढतो ते लिहून ठेवा. संपल्यावर ‘कशी वाटली’ असं विचारू नका, सगळे छानच म्हणतात. कोरा कागद द्या आणि वाचनालयातून जिन्याकडे कसं जायचं, ते काढायला सांगा. चुकीचं काढलं तर दिवसाचे सुरुवातीचे शॉट पुन्हा घ्यायला जा. परवानगीच्या अर्जात त्यासाठी एक जादा तारीख आधीच मागून ठेवलेली बरी.